वैजूपट्टा

वैजयंता चौगुले यांच्या उजव्या हाताच्या राज्यभरात पाचशे बहात्तर शाखा होत्या. एखाद्या सहकारी बँकेच्याही नसतील इतक्या! हे त्या स्वतःच सांगायच्या, आणि सांगताना तोच हात हवेत असा फिरवायच्या की ऐकणाऱ्याला वाटावं, बाई आता इथेच आणखी एक शाखा उघडून मोकळ्या होतात.

आंबेखोलच्या ग्रामीण रुग्णालयात, बाळंतपणाच्या वॉर्डात, त्या एकतीस वर्षं होत्या. सगळा तालुका त्यांना 'मोठ्या सिस्टर' म्हणायचा. अंगानं ठेंगण्या, आवाजानं उंच. वॉर्डात त्यांचा दरारा असा की नवरे मंडळी तंबाखू थुंकायला दोन फर्लांग लांब जायची. पण बाळंतिणीच्या पोटावर त्यांचा हात पडला की बाई शांत व्हायची. त्या हातात जादूबिदू काही नव्हती. सवय होती, आणि ती सवय फार मोलाची होती.

ती का मोलाची, ते सांगितलं पाहिजे. मूल जन्मलं, वार पडली, की घरच्यांना वाटतं, सुटलो बाबा! नर्सचं खरं काम तेव्हा सुरू होतं. वार जिथे चिकटलेली असते तिथे गर्भाशयाच्या आत वीतभर जखम उघडी राहते आणि तिथल्या रक्तवाहिन्यांची तोंडं उघडीच असतात. त्यांना टाके घालता येत नाहीत. गर्भाशयाचा स्नायूच आवळून घट्ट गोळा होतो आणि त्या वाहिन्यांना चिमटीत धरतो. तो नीट आवळला तर बाई तिसऱ्या दिवशी बाळ घेऊन घरी जाते. तो ढिला पडला तर अर्ध्या तासात जीव जायची वेळ येते. म्हणून बाळंतपणानंतर दोन तास, दर पंधरा मिनिटांनी, नर्सनं बेंबीपाशी हात ठेवून बघायचं असतं की गोळा घट्ट आहे का मऊ. मऊ लागला तर चोळायचा, घट्ट होईपर्यंत चोळायचा. एवढंच. पण वॉर्डात सहा बायका आणि नर्स एक, मग दर पंधरा मिनिटांचं कधी अर्धा तास होतं, ते कळत नाही.

यावर उपाय काढला तो वैजयंताबाईंच्या लेकीनं. मृण्मयी पुण्यात वैद्यकीय उपकरणं बनवायची. तिनं एक रुंद, मऊ पट्टा तयार केला. पट्ट्यात शर्टाच्या बटणाएवढ्या चौसष्ट चकत्या. चकती कातडीतून एक बारीक थरथर आत सोडते आणि ती किती वेगानं सरकली ते मोजते. घट्ट वस्तूतून थरथर झपझप जाते, मऊ वस्तूतून रेंगाळते. बाळंतिणीखाली एक चादर, ती सांडलेल्या रक्ताचं वजन करते. इथवर सोपं होतं. पण किती वेग म्हणजे घट्ट आणि किती म्हणजे मऊ, हे पट्ट्याला सांगणार कोण?

"आई, तुझा हात दे," मृण्मयी म्हणाली होती.

"घे बाई. नाहीतरी जावयाला तुझा दिलाच आहे, आता माझा तू घे."

मग दोन वर्षं वैजयंताबाईंनी एक पातळ हातमोजा घालून काम केलं. एका बाजूला पट्टा थरथर मोजत होता, दुसऱ्या बाजूला हातमोजा त्यांच्या बोटांचा दाब टिपत होता. बोटं जिथे थांबली तिथे घट्ट, जिथे चोळायला लागली तिथे मऊ. अकराशे चाळीस बाळंतपणं झाली, आणि पट्टा त्यांच्या हाताचं मत पाठ करून बसला. सरकारी कागदावर त्याचं नाव होतं 'प्रसूतिपश्चात गर्भाशय-दृढता निरीक्षक'. ते उच्चारेपर्यंत बाळंतीण घरी जायची, म्हणून सगळीकडे त्याला 'वैजूपट्टा' म्हणू लागले.

तोवर ठीक होतं. पण लेकीनं पट्ट्याला आवाजही आईचाच दिला! स्वयंपाकघरात बसवून तिच्याकडून चाळीस वाक्यं म्हणवून घेतली. त्यामुळे आता किनवटपासून दोडामार्गापर्यंत पाचशे बहात्तर वॉर्डांत पट्टा मोठ्या सिस्टरांच्या ठसक्यात ओरडायचा, "मऊ लागतंय, चोळ गं बाई, चोळ!" किंवा "आधी लघवी करव, मग बोल." आणि सगळं ठीक असलं की, "छान घट्ट आहे. जा, चहा घे."

गंमत अशी झाली की आंबेखोलच्या वॉर्डात आता दोन मोठ्या सिस्टर झाल्या आणि नर्स पोरी ऐकायला लागल्या पट्ट्यातलीचं. चोवीस वर्षांची तनिष्का नाईकवडे, कामाला वाघीण, पण पोटावर हात ठेवायचा म्हटलं की पट्ट्याच्या हिरव्या दिव्याकडे बघायची.

"अगं, हात ठेव की जरा!"

"सिस्टर, पण तुम्ही आत्ताच म्हणालात ना, घट्ट आहे म्हणून?"

"मी कुठं म्हणाले? ती म्हणाली!"

"तीच तुम्ही ना."

स्वतःच्याच आवाजाशी भांडायची पाळी जगात कुणावर आली असेल का? कोल्हापूरच्या एका सभेत वैजयंताबाई माइक हातात आल्यावर बोलून गेल्या, "पट्टा चांगलाच आहे. पण पोरींचे हात गंजतायत." टाळ्या पडल्या. मृण्मयी पहिल्या रांगेत बसली होती. ती टाळ्या वाजवत नव्हती. परतीच्या वाटेवर गाडीत ती फक्त एवढंच म्हणाली, "दोन वर्षांत या पट्ट्यानं तीन हजार बायका वाचवल्या, आई. त्यात हात गंजले एवढंच दिसलं तुला?"

त्यानंतर मायलेकी बोलत होत्या, पण जपून, आणि जपून बोलणं ही त्या घराची रीत नव्हती.

अशात मृण्मयीला दिवस गेले. पहिलं बाळंतपण माहेरी, हा रिवाज. तिला पुण्यातली मोठमोठी हॉस्पिटलं होती, पण सातव्या महिन्यात ती पोट सावरत आंबेखोलला येऊन दाखल झाली आणि आल्या आल्या अट घातली.

"बाळंतपण तुझ्याच वॉर्डात, माझ्याच पट्ट्यावर. माझाच भरवसा नसेल तर लोकांनी का ठेवावा? आणि तू त्या दिवशी रजा टाकायची. आत आलीस तर आई म्हणून यायचं. हात पदराखाली. लावायचा नाही."

"मी? माझ्या लेकीला? हात नको लावू?"

"नको. तू हात लावलास की सगळे म्हणतील, बघा, सख्ख्या आईचाच विश्वास नाही."

वैजयंताबाईंनी मान डोलावली. लेकीचं दुखावलेलं मन एवढ्यावर भरून निघत असेल तर हात पदराखाली काय, पोत्यातसुद्धा ठेवला असता त्यांनी.

सकाळी कळा सुरू झाल्या आणि दुपारी बारा वाजून चाळीस मिनिटांनी मुलगी झाली. तीन किलो दोनशे, आणि आवाज आजीवर गेलेला. तनिष्कानं सगळं अगदी पुस्तकात लिहिलंय तसं केलं. लगेच मांडीत ऑक्सिटोसिनचं इंजेक्शन, हळूच ओढून वार, वार पूर्ण आली का ते उजेडात धरून बघितलं, चादर सरकवली, पट्टा बांधला. पट्टा म्हणाला, "छान घट्ट आहे. जा, चहा घे." मृण्मयीनं आईकडे बघून भुवई उडवली. आईनं पदराखालचे हात आणखी आत ओढले. दोघी खदाखदा हसल्या. पुष्कळ महिन्यांनी.

आणि तेवढ्यात विहीणबाई आल्या.

रत्नप्रभाबाई मगदूम, शिरोळच्या. मृण्मयीच्या सासूबाई. भारदस्त, प्रेमळ, मोठ्या कुंकवाच्या, आणि हातात तीन डबे, एक पिशवी. मागे जावई सन्मती, चौथा डबा घेऊन. "कुठं हाय माझं पाखरू?" म्हणत त्या आत शिरल्या, नातीवरून बोटं मोडली, सुनेच्या गालाचा मुका घेतला आणि विहिणीला मिठी मारली. जावईबापूंना बाळाचं वजन बघायला तनिष्काबरोबर पलीकडच्या खोलीत धाडलं. मग त्यांनी पिशवीतून एक जुनं, धुऊन धुऊन मऊसूत झालेलं इरकली लुगडं काढलं.

"हे माझ्या सासूबाईंचं. माझ्या दोन्ही बाळंतपणांत ह्यानंच पोट बांधलं. आमच्यात वार पडली की तासाच्या आत बांधतात बघा. वारा शिरत न्हाई, पोट सुटत न्हाई."

त्या बोलत होत्या आणि बांधतही होत्या. सुनेला एका कुशीवर केलं, लुगडं पाठीखालून घेतलं, पट्ट्यावरून तीन वेढे दिले आणि गुडघा पलंगाला टेकवून अशी करकचून गाठ मारली की मृण्मयीच्या तोंडून 'ऊं' निघालं.

वैजयंताबाईंनी ते बघितलं.

एकतीस वर्षांत त्यांच्या वॉर्डात पहिल्या दिवशी कुणाच्या पोटाला चिंधीसुद्धा बांधू दिली नव्हती त्यांनी. बांधलेल्या पोटावर हात कसा ठेवणार? किती सासवांना त्यांनी दारातून माघारी लावलं होतं. "उद्या बांधा, परवा बांधा, आज हात लावाल तर बघा!" एकदा तर एका सरपंचाच्या आईला. पण ही विहीण होती. मुलीकडची बाजू ही, आणि समोर वरमाई. लग्नात मानपानाची साडी तिला आवडली नव्हती, तरी ती एक शब्द बोलली नव्हती. आज नातीच्या आनंदात सासूचं लुगडं घेऊन आलेल्या बाईला पहिल्याच शब्दाला 'सोडा ते' कसं म्हणायचं? आणि आज आपण सिस्टर नाही, आईच आहोत, हात पदराखाली. पट्टा तर आहेच की. वैजयंताबाई गप्प राहिल्या.

तनिष्का परत आली. तिनंही लुगडं बघितलं, मग मोठ्या सिस्टरांकडे बघितलं. मोठ्या सिस्टर गप्प, म्हणजे चालत असेल, असं समजून तीही गप्प राहिली. पट्टा लुगड्याखालून म्हणाला, "छान घट्ट आहे. जा, चहा घे."

"बघा!" रत्नप्रभाबाई खूश झाल्या. "तुमचं यंत्रसुद्धा म्हणतंय."

मग डबे उघडले. खपलीची खीर, मेतकूट-भात, आणखी काय काय. सन्मती बाळाचे फोटो काढून नातेवाइकांना पाठवत होता. रत्नप्रभाबाई नाक कुणाचं यावर बोलत होत्या. नाक मगदुमांचं, हे त्यांनी ठरवून टाकलं होतं. चादर सांगत होती दोनशे साठ ग्रॅम, म्हणजे भलतं काही नाही.

"मृण्मयी, नाव काय ठेवायचं गं? तुझ्या मनात काही आहे का?" वैजयंताबाईंनी विचारलं.

"तू सांग."

"मी तर म्हणते, पद्मावती."

हे त्यांनी मुद्दाम म्हटलं होतं. जुनं नाव ऐकून लेक उसळणार, मग दहा मिनिटं वाद, मग हसणं, हा त्यांचा नेहमीचा खेळ. पण मृण्मयीनं जांभई दिली.

"बरं, आई," ती म्हणाली.

वैजयंताबाई पुढे वाकल्या. ही पोरगी दुसऱ्या वर्षी बोलायला शिकली ती 'नाही'पासून. 'बरं, आई' हे शब्द त्यांनी तिच्या तोंडून कधी ऐकले असतील तर तापात. त्यांनी नीट निरखून बघितलं. ओठ फिक्कट. पुन्हा जांभई, लांब, तोंडभर. जीभ ओठांवरून फिरली.

"पाणी दे गं कुणीतरी... मघाशी मागितलं होतं."

"आत्ता तर दिलं की ग्लासभर," रत्नप्रभाबाई म्हणाल्या. "दमलीय पोर. झोपू द्या."

बाळंतीण दमते, झोपते, हे खरं. पण अंगातलं रक्त कमी पडायला लागलं की शरीर हवा मागतं आणि माणूस जांभया देतं. तहान लागते. पायाची बोटं गार पडतात. वैजयंताबाईंनी पदराखालून एक हात काढला आणि नुसता लेकीच्या पावलाला लावला. पाऊल गार होतं. मनगट धरलं. नाडी बारीक, भरभर पळणारी.

"मृण्मयी. मला पोटाला हात लावू दे."

"छान घट्ट आहे," पट्टा त्यांच्याच आवाजात म्हणाला. "जा, चहा घे."

खोलीतल्या चौघांनी एका मोठ्या सिस्टरांकडून दुसऱ्या मोठ्या सिस्टरांकडे बघितलं.

"सिस्टर, दिवा हिरवा आहे," तनिष्का हळूच म्हणाली. "आणि चादरीवर तीनशेसुद्धा नाही."

"अहो, तुम्हीच म्हणताय की बरं हाय," रत्नप्रभाबाई म्हणाल्या. "मग आता काय झालं?"

वचन मोडलं आणि पोट घट्टच निघालं तर लेक आयुष्यभर म्हणेल की माझ्या कामावर तू सगळ्यांदेखत थुंकलीस. पण ते परवडलं. वैजयंताबाई विचारणं सोडून लुगड्याला हात घालणारच होत्या. तेवढ्यात मृण्मयीनं डोळे अर्धे उघडले. तिचा विचार चालू होता. रक्त निम्मं गेलं तरी त्या डोक्यातला विचार थांबत नसे.

"आई," ती म्हणाली, "जांभया त्याला कळत नाहीत. मी शिकवल्याच नाहीत." श्वास घेऊन पुन्हा, "काढ सगळं."

पुढचं सगळं भराभर झालं. करकचून बांधलेली गाठ सुटेना, तेव्हा वैजयंताबाईंनी कात्रीनं सासूबाईंच्या सासूबाईंचं लुगडं टराटरा कापलं. पट्टा काढून बाजूला फेकला. हात पोटावर ठेवला. बेंबीखाली घट्ट गोळा असायला हवा, तर बेंबीच्या चार बोटं वर सगळं भिजवलेल्या कणकेसारखं मऊ. गर्भाशय ढिलं पडून आतल्या आत रक्तानं भरत होतं. लुगड्याच्या आवळण्यानं वरून सगळं कडक, आणि पट्ट्याची थरथर त्या कडकपणावरूनच झपझप पळत होती.

"तनिष्का, बेल मार! डॉक्टर जमादारना ऑपरेशनमधून बोलाव. दोन्ही हातांना जाड सुया, सलाईन मोकळं सोड. ऑक्सिटोसिन सलाईनमधून. रक्त थांबायला ट्रॅनेक्सा एक ग्रॅम, दहा मिनिटांत, हळू. लघवीची नळी. आणि गडहिंग्लजला सांग, ड्रोननं रक्त उडवा!"

त्यांनी गोळा दोन्ही हातांत धरून चोळायला सुरुवात केली, मग खाली दाबला. आतल्या गुठळ्या एकदम बाहेर आल्या. चादरीवरचा आकडा तीनशेवरून अकराशेवर उडाला आणि बाजूला पडलेला पट्टा कुठे हवेत हलला म्हणून जिवाच्या आकांतानं ओरडला, "मऊ लागतंय! चोळ गं बाई, चोळ!"

"चोळतेय, बाई, चोळतेय! तू गप!" वैजयंताबाई खेकसल्या.

सन्मती भिंतीला टेकून पांढरा पडला होता. रत्नप्रभाबाई नातीला छातीशी धरून णमोकार मंत्र पुटपुटत होत्या. तनिष्काच्या सुया पहिल्या झटक्यात लागल्या. नळीतून लघवी आली, भरलेलं मूत्राशय रिकामं झालं तसं गर्भाशयाला खाली सरकायला जागा मिळाली. डॉक्टर नसीमा जमादार शेजारच्या ऑपरेशनमधून मोजे बदलत धावत आल्या, एक हात आत आणि एक बाहेर असं गर्भाशय दोन्हींमध्ये दाबून धरलं. दवाखान्याच्या फ्रिजमधल्या रक्ताच्या दोन पिशव्या लागल्या. सोळाव्या मिनिटाला छतावर ड्रोननं आणखी दोन आणून टाकल्या.

"मोठ्या सिस्टर, बघा बरं," डॉक्टर म्हणाल्या.

वैजयंताबाईंनी बघितलं. बोटांखाली काहीतरी हललं, गोळा आवळायला लागला, सुटला, पुन्हा आवळला. आणि मग बेंबीच्या खाली, जिथे असायला हवा तिथे, टणक, आडदांड गोळा. त्यांच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी आलं आणि ते पुसायला हात मोकळा नव्हता.

पण दोन तास राखण अजून बाकी होती. त्यांनी तनिष्काचा हात ओढला.

"हा ठेव इथं. डोळे मीट. काय लागतं?"

"घट्ट," तनिष्का म्हणाली. मग थोड्या वेळानं, दचकून, "सिस्टर, सैल पडतोय!"

"मग माझ्याकडे काय बघतेस? चोळ!"

तिनं चोळला. गोळा पुन्हा तिच्या तळव्याखाली घट्ट झाला. चार वाजेपर्यंत तनिष्का तिथून हलली नाही. साडेचारला मृण्मयीच्या ओठांवर रंग आला, बाळाला अंगावर घेऊन तिनं इकडेतिकडे बघितलं आणि क्षीण आवाजात म्हणाली, "पद्मावती? अगं आई, वेड लागलंय का तुला?"

वैजयंताबाई ओक्साबोक्शी रडल्या आणि तशाच हसल्या.

तिसऱ्या दिवशी मृण्मयी उशीला टेकून मांडीवर संगणक घेऊन बसली होती. डॉक्टरांनी मना केलं होतं, पण ऐकतंय कोण! तिला पट्ट्याची चूक सापडली होती, आणि तीही चमत्कारिक जागी.

"आई, अकराशे चाळीस बाळंतपणांत बांधलेलं पोट एकही नाही."

"असेल कसं? मी बांधूच द्यायची नाही."

"तेच तर. जी चूक तू कधी होऊच दिली नाहीस, ती त्याला माहीतच नाही. तो तुझ्या वॉर्डात शिकला. बाकीचे पाचशे एकाहत्तर वॉर्ड तुझे नाहीत."

वैजयंताबाईंचं लक्ष दाराकडे होतं. व्हरांड्यात रत्नप्रभाबाई पिशवी भरून बसल्या होत्या. परवापासून त्यांनी धड अन्न घेतलं नव्हतं. सगळ्या दवाखान्यात झालं होतं, 'विहिणीनं पोट बांधलं म्हणून असं झालं.' आया बोलत होत्या, शेजारच्या पेशंटच्या बायका बोलत होत्या. सुनेसमोर यायचीही त्यांना चोरी झाली होती. साडेतीनच्या एसटीनं त्या शिरोळला निघाल्या होत्या. "सुनेच्या जिवावर उठलेल्या बाईनं इथं थांबून काय करायचं?" असं त्या मुलाला म्हणाल्या होत्या.

मृण्मयीला झाल्या प्रकाराचा अहवाल पाठवायचा होता, पट्टा असलेल्या सगळ्या दवाखान्यांना. कारणाच्या रकान्यात तिनं लिहिलं होतं, 'नातेवाइकांनी पोट कापडाने बांधले.' तिनं वाचून दाखवलं.

"खोड ते," वैजयंताबाई म्हणाल्या.

"का? खरं आहे ना."

"अर्धं आहे." त्यांचा नेहमीचा उंच आवाज खाली आला होता. "लिही. कापड बांधताना रजेवरची इन्चार्ज सिस्टर वैजयंता चौगुले समोर बसली होती. तिला धोका माहीत होता. विहिणीचा मान राखायचा म्हणून ती बोलली नाही. ती गप्प बसली म्हणून ड्युटीवरची नर्सही गप्प बसली."

मृण्मयीची बोटं थांबली. "आई, हे पाचशे बहात्तर ठिकाणी जाईल. नावासकट. ज्या बाईच्या आवाजात पट्टा बोलतो, तिच्या."

"माहितेय. म्हणूनच नाव घाल."

"लोक काय म्हणतील?"

"म्हणू देत. मी गप्प बसले, मृण्मयी. तुझं रक्त जात होतं आणि मी साडीचा मानपान मोजत बसले." त्यांनी व्हरांड्याकडे बोट केलं. "ती बिचारी मायेपोटी चुकली. मला तर कळत होतं. पाठव."

मृण्मयीनं लिहिलं आणि पाठवलं.

तासाभरात पहिलं उत्तर आलं, कुठल्याशा घाटावरच्या दवाखान्यातून. 'आमच्याकडेही मागच्या महिन्यात आजेसासूबाईंनी बांधलं होतं. वाचली. आम्ही लिहिलं नव्हतं.' मग दुसरं, मग पाच, मग रांगच लागली. एकीकडे दवाखान्याच्या मालकांच्या आईनं बांधलेलं, एकीकडे डॉक्टरांच्याच मावशीनं. दुपारपर्यंत एक्केचाळीस झाली. सगळ्यांनी बघितलं होतं, कुणीतरी मोठं माणूस समोर होतं, आणि पट्टा हिरवा होता. दोघीजणी वाचल्या नव्हत्या. ती दोन उत्तरं मृण्मयीनं मोठ्यानं वाचली नाहीत, नुसती आईला दाखवली.

वैजयंताबाई उठल्या, व्हरांड्यात गेल्या. एसटीला अजून वेळ होता. त्यांनी रत्नप्रभाबाईंच्या शेजारी बाकावर बैठक मारली आणि जे अहवालात लिहिलं ते तोंडानं सांगितलं, एकही शब्द न गाळता. "माझ्या वॉर्डात दुसरी कुणी असती तर मी लुगड्यासकट हाकलली असती. तुम्हाला बोलले नाही. तुमचा मान ठेवला आणि तुमच्या माथी हा ठपका आणला. मला माफ करा, विहीणबाई."

रत्नप्रभाबाई आधी थक्क झाल्या, मग चिडल्या. खरोखर चिडल्या.

"असला मान घालायचाय काय चुलीत?" त्या कडाडल्या. "माझी सून गेली असती म्हंजे? मला एक शब्द बोलला असता तर मी काय तुम्हाला गिळलं असतं? हाकलायचं की मला! मी रुसले असते चार दिवस, रुसू द्यायचं!"

"चुकलंच माझं."

"चुकलंच! आणि साडी खरंच वाईट होती, तेही आता सांगते."

"सांगा की. एवढ्या वर्षांनी सांगताय होय!"

दोघींत आधी कोण हसलं ते सांगता येणार नाही, पण पार ओपीडीपर्यंत ऐकू गेलं. मग रत्नप्रभाबाईंनी पदरानं डोळे पुसले.

"मला काय कळतंय त्यातलं? घट्ट कुठलं, मऊ कुठलं. आमच्या सासूबाईंनी बांधायला शिकवलं, बघायला कुणी शिकवलंच न्हाई."

"चला," वैजयंताबाई म्हणाल्या आणि त्यांची पिशवी उचलून आत घेऊन गेल्या.

मृण्मयीला आडवं केलं. बाळ शेजारी झोपलं होतं, मुठी वळून. वैजयंताबाईंनी विहिणीचा हात हातात घेतला, कोयरीच्या बांगड्या मागे सारल्या आणि तो सुनेच्या बेंबीखाली ठेवून वरून आपल्या हातानं हलकेच दाबला.

"वरवर चाचपू नका. बोटं सैल सोडा. खोल जाऊ द्या."

रत्नप्रभाबाईंनी डोळे मिटले. सन्मती दारात थांबला, तनिष्का औषधांचा ट्रे घेऊन थांबली. रत्नप्रभाबाईंची बोटं इकडे सरकली, तिकडे सरकली, आणि एका जागी थबकली.

"हे?" त्यांनी विचारलं. "हे टणक?"

"तेच."

"अगं बाई!" रत्नप्रभाबाईंनी डोळे उघडले आणि सुनेकडे बघितलं. "ह्यानं धरून ठेवलंय व्हय तुला!"

साडेतीनची एसटी गेली. त्यांचा हात तिथेच होता.